कढईपुढचा माणूस



इतिहासावर बोलण्याचा माझा अधिकार काय, हा प्रश्न तुमच्या मनात येण्याआधी मी स्वतःलाच विचारून पाहिला आहे. माझी शाळा नववीत सुटली. मग अकोल्याच्या एका जिनात सरकी उपसण्याचे काम केले, आणि पुढची तीस-बत्तीस वर्षे जिनिंग-प्रेसिंगचे, तेलगिरण्यांचे व हॉटेलांतले कामगार ह्यांच्या संघटनेत घालविली. वाचन झाले ते रात्रीचे. काही बाबूजी देशमुख वाचनालयाच्या पुस्तकांवर, काही एका सेवानिवृत्त मास्तरांनी दिलेल्या जुन्या गॅझेटियरांवर. तेव्हा विद्वानांनी माझे बोलणे थोडे सांभाळून घ्यावे. विषयही मी मोठा निवडलेला नाही. राजे आणि लढाया मध्ये येतील, परंतु विषय त्यांचा नाही. विषय कढईत तळल्या जाणाऱ्या वस्तूचा आहे, आणि ती तळणाऱ्याचा.

हा विषय मला माझ्या भाच्याने दिला. पोरगा मूर्तिजापूरचा, पुण्यातील एका मोठ्या हॉटेलात तळणाच्या कामावर आहे. गेल्या दिवाळीत घरी आला तेव्हा जेवता जेवता त्याने मला विचारले, "मामा, कोरिया आन् इथिओपिया हे देस एकामेकाच्या जवय हायेत काय?"

मी म्हटले, "नाही रे बाबा. एक आशियाच्या पार पूर्वेच्या टोकाला, दुसरा आफ्रिकेत. मध्ये अख्खा हिंदुस्थान पडतो."

"मंग त्या दोघाइचा मिळून एकच पदार्थ तयाले मले मॅनेजर काहून सांगते?"

पदार्थ असा होता. इथिओपियात सांबुसा नावाचा तिकोनी तळलेला प्रकार असतो. आपल्या सामोशाचा सख्खा भाऊ. त्याच्या आत मसुराचे सारण भरतात. सारणात बर्बरे नावाचा मसाला; सुक्या लाल मिरचीत मेथी, धने, आले, लसूण आणि तिकडची वेलची घालून तो करतात. ह्या सारणात पुण्याच्या हॉटेलवाल्याने कोरियाची किमची चिरून घालावयास सांगितली होती. किमची म्हणजे मिठात मुरवून, लसूण व तिखट लावून आंबविलेली चिनी कोबी. बाजूला वाटीत गोचुजांग, म्हणजे तिखट, चिकट तांदूळ आणि आंबविलेले सोयाबीन ह्यांची घट्ट लाल चटणी. जेवणाआधी तोंडाला चव यावी म्हणून हे चार तुकडे मोठ्या पांढऱ्या बशीत द्यावयाचे.

कृतीचा छापील कागद भाच्याला मिळाला होता. त्यात वजने होती, मिनिटे होती, बशीत तुकडे कसे मांडावेत ह्याचे चित्रही होते. एक गोष्ट मात्र नव्हती. किमचीला पाणी सुटते. ते पाणी पारीतून फुटून उकळत्या तेलात गेले की तेल उसळते. पहिल्या दिवशी ते पोराच्या मनगटावर उसळले. दुसऱ्या दिवसापासून त्याने किमची फडक्यात घालून, आपली आई अळूवडीआधी चिंचेचा कोळ पिळते तशी पिळून घेतली. उरलेली ओल शोषून घ्यावयास सारणात चमचाभर भाजलेले डाळीचे पीठ टाकले. आणि पहिली आच मंद ठेवली. मग तुकडे फुटेनासे झाले. कागदात ही दुरुस्ती कोणी केली नाही. मी विचारले तेव्हा तो हसला. "कागद साहेबाचा हाये, मामा."

त्या रात्री त्याच्या प्रश्नाला माझ्याजवळ उत्तर नव्हते. नंतर महिनाभर मी पुस्तके चाळली आणि माझ्या ध्यानात आले की हा प्रश्न पुण्याच्या हॉटेलाचा नसून आपल्या वऱ्हाडचाच आहे. जे दोन देश पोराला एका कढईत घालावयास सांगितले गेले, ते आमच्या घरच्या कढईत कधीचेच येऊन बसले आहेत.

जवारी घ्या. वऱ्हाडी माणसाला जवारीपेक्षा अधिक आपले असे काय आहे? भाकर जवारीची, कण्या जवारीच्या, उन्हाळ्यात खाटेवर वाळणारे धापोडे जवारीचे. परंतु हे धान्य माणसाने प्रथम पिकविले ते ईशान्य आफ्रिकेत, सुदान-इथिओपियाच्या बाजूस; तेथून काही हजार वर्षांपूर्वी ते आपल्याकडे आले. कारळे घ्या. ज्याची काळी चटणी भाकरीवर पडल्याशिवाय हिवाळा आला असे वाटत नाही, ते कारळे सरळ इथिओपियाच्या डोंगराळ भागातले. तेथे आजही त्याचे तेल गाळून स्वयंपाकात वापरतात. वनस्पतिशास्त्रज्ञांनी त्याच्या लॅटिन नावातच हबसाण घातले आहे. आपण मात्र त्याला खुरासणी म्हणतो. खुरासान इराणकडे, बी हबसाणातले. आणले एकाने, नाव लागले दुसऱ्याचे. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे तिच्याशी आपली पुन्हा गाठ पडणार आहे.

कोरियाचे काय? सोयाबीन हे चीन-कोरियाच्या बाजूचे धान्य. माझ्या लहानपणी ते आमच्या गावच्या शेतकऱ्याने पाहिलेही नव्हते. १९८० नंतर ते मध्य प्रदेशातून खाली उतरले आणि पुढच्या वीस वर्षांत त्याने वऱ्हाडात जवारीची जमीन घेतली, मुगाची घेतली, बरीचशी कापसाचीही घेतली. आमचे आजोबा जवसाच्या नाहीतर करडईच्या तेलात तळलेले खात. बापाच्या वेळी भुईमुगाचे आणि सरकीचे तेल आले. आज अमरावतीच्या बहुतेक गाड्यांवर भजी तळतात ती सोयाबीनच्या तेलात. म्हणजे हबसाणच्या जवारीचा धापोडा कोरियाकडच्या सोयाबीनच्या तेलात तळून आपण खातो, आणि त्याला अस्सल वऱ्हाडी म्हणतो. म्हणण्यास माझी हरकत नाही. मी स्वतः तसेच म्हणतो.

आणि मिरची? ती ह्या दोन्हींतली नाही, आणि दोन्हींत आहे. ह्या एका फळाची हकीकत मला सर्वांत विलक्षण वाटते. कोलंबस १४९२ साली अमेरिकेला लागेपर्यंत जुन्या जगात मिरची कोणी पाहिलेली नव्हती. कल्याणीच्या चालुक्य राजा सोमेश्वराचा 'मानसोल्लास' हा बाराव्या शतकातला ग्रंथ. त्यात वड्यांचे, पुऱ्यांचे वर्णन आहे. तिखटासाठी मिरे आहे, आले आहे, हिंग आहे, मिरची नाही. असणार कोठून? सोळाव्या शतकात पोर्तुगीजांच्या गलबतांतून ती गोव्याला आली आणि आपल्या लोकांनी तिला मिऱ्याचेच नाव जरा वळवून दिले. त्याच शतकात ती हबसाणात पोहोचली. कोरियात १६१४ सालच्या एका ज्ञानकोशवजा ग्रंथात तिचा उल्लेख येतो, आणि तोही 'जपानी मोहरी' अशा अर्थाच्या नावाने. कारण त्यांना ती जपानकडून मिळाली. पुन्हा तेच. आणले एकाने, नाव लागले दुसऱ्याचे.

तेव्हा बर्बरे, गोचुजांग आणि वरूड तालुक्यातील राजुरा बाजारात पोत्यांनी विकली जाणारी आमची हिरवी मिरची ही एकाच आजीची नातवंडे ठरतात. साडेचारशे वर्षांपूर्वी ती तीन दिशांना गेली आणि पुण्याच्या एका बशीत परत भेटली. कोणाला ह्यात मौज वाटेल. मला त्यातला दुसरा प्रश्न छळतो. ही वस्तू डोक्यावरून, खांद्यावरून, गलबताच्या तळातून नेली कोणी? इतिहासात लिहिलेले असते की पोर्तुगीजांनी आणली, अरबांनी नेली, मोगलांनी रुजविली. पोते उचलणारा त्यात नसतो.

काही वेळा मात्र तो सापडतो. इथिओपियात सुमारे १५४८ साली एक मुलगा जन्मला. त्याचे नाव चापू. लहानपणीच तो गुलाम म्हणून विकला गेला. अरबस्तान-बगदादकडून हात बदलत बदलत दख्खनला आला, आणि अहमदनगरच्या निजामशाहीचा पेशवा चंगीजखान ह्याने त्याला विकत घेतले. हा चंगीजखान स्वतःही एके काळी असाच विकला गेलेला हबशी. १५७४ साली मुर्तजा निजामशहाने एलिचपूरची इमादशाही बुडवून वऱ्हाड जिंकले तेव्हा त्याचा कारभारी हाच होता. माझ्या भाच्याच्या मूर्तिजापूरला ते नाव त्याच मुर्तजावरून पडल्याचे सांगतात. विकत घेतलेला तो मुलगा पुढे मलिक अंबर म्हणून प्रसिद्धीस आला. १५९६ मध्ये वऱ्हाड मोगलांना दिले गेल्यावर त्याच्या नावाने मोगलांची झोप उडाली. १६२६ मध्ये तो वारला तेव्हा जमीनमहसुलाची त्याने घातलेली घडी मागे राहिली होती. शाळेच्या पुस्तकात तो आहे, आणि असावाच. पण त्याच्याबरोबर जे हजारो हबशी आले, ज्यांनी घोडी राखली, किल्ल्यांवर पहारे केले आणि कोणाची तरी चूल पेटविली, त्यांनी आपल्या देशाची आठवण म्हणून भांड्यात काय टाकले असेल? त्याची नोंद नाही, म्हणून मीही पुढे बोलत नाही.

सांबुशाचीही कुळकथा अशीच दूरची आहे. शब्द मूळचा इराणी. चौदाव्या शतकात इब्न बतूता महंमद तुघलकाच्या दरबारात जेवला, तेव्हा पानात खिमा-बदाम भरलेला सामोसा होता असे तो लिहून ठेवतो. इसवी सन १५०० च्या सुमारास मांडूच्या सुलतानाने आपल्या पाकशाळेचे 'निमतनामा' नावाचे सचित्र पुस्तक करविले. त्यात सामोशाच्या अनेक कृती आहेत. मांडू काही लांब नाही. मेळघाट चढून सातपुडा ओलांडा, नर्मदा उतरा, की मांडू. त्या चित्रांत सुलतान नेहमी मध्यभागी बसलेला, मोठ्या मिशांचा. भोवती चुली फुंकणारे, परात धरणारे. सुलतानाचे नाव ग्यासुद्दीन हे सर्वांना ठाऊक आहे.

आता कोरिया आणि इथिओपिया ह्यांची एकमेकांशी गाठ कोठे पडली? हॉटेलच्या मॅनेजरास हे ठाऊक असेल असे वाटत नाही, परंतु ती पडली होती, आणि रणांगणात पडली होती. १९५० साली कोरियात युद्ध पेटले. सम्राट हैले सेलासीने १९५१ पासून काग्न्यू नावाची पलटण तेथे पाठविली. आळीपाळीने तीन हजारांहून अधिक इथिओपियन शिपाई त्या बर्फात लढले आणि त्यांतले एकशेवीसहून अधिक मेले. चुंचॉन ह्या कोरियन शहरात १९६८ मध्ये त्यांचे स्मारक झाले, त्या वेळी सम्राट स्वतः तेथे गेला होता. त्या युद्धात आपणही होतो, पण बंदूक न चालविता. साठावी पॅराशूट फील्ड अँब्युलन्स १९५० च्या अखेरीस कोरियात उतरली आणि तिने दोन्ही बाजूंच्या जखमींची सेवा केली. १९५३ मध्ये युद्धबंदी झाल्यावर घरी परतण्यास नकार देणाऱ्या युद्धकैद्यांची राखण करण्यास जी भारतीय तुकडी गेली तिचे सेनापती आपले मराठी गृहस्थ, शंकरराव थोरात. त्या छावण्यांत हजारो कैद्यांना रोज खाऊ घालावे लागे. कैद्यांना त्यांच्या चवीचे मिळाले नाही की दंगा होई. लष्करी माणसास हे लवकर कळते; कारखानदारास कळावयास संप लागतो.

इतकी दूरची फेरी मी एवढ्यासाठी मारली की आता शेगावच्या फलाटावर उतरलो म्हणजे तुम्हांस तो फलाट निराळा दिसावा.

अमेरिकेत १८६१ ते ६५ ह्या काळात यादवी माजली, तिकडचा कापूस मँचेस्टरला मिळेनासा झाला आणि वऱ्हाडच्या काळ्या मातीला एकदम सोन्याचा भाव आला. १८६७ मध्ये रेल्वे भुसावळवरून नागपूरला जाऊन पोहोचली. खामगावला, अमरावतीला कापसासाठी फाटे फुटले. त्या रुळांवरून मारवाडातला व्यापारी आला, कच्छी आला, उत्तर हिंदुस्थानी हमाल आला, आणि त्यांच्यामागून त्यांचा हलवाई आला. कचोरी ही त्या वाटेने आपल्याकडे आलेली वस्तू. आमच्याकडे मुळात वडे होते, भजी होती. मोहन घालून भिजविलेल्या मैद्याची, मंद आचेवर फुगवून कडक केलेली कचोरी नव्हती. ती तिकडची.

शेगाव त्या वेळी साधे खेडे नव्हे, कापसाची बाजारपेठ. १८७८ साली गजानन महाराज तेथे प्रकट झाले, १९१० मध्ये त्यांनी देह ठेवला, आणि पुढे शेगावला कापसाच्या गाड्यांपेक्षा दर्शनाचा माणूस अधिक उतरू लागला. १९४७ साली फाळणी झाली. पंजाबातून उखडलेली माणसे आगगाडीत बसून जेथे जागा मिळेल तेथे उतरली. त्यांतले एक तीरथराम शर्मा. १९५० च्या सुमारास त्यांनी शेगाव स्टेशनवर कचोरी विकावयास आरंभ केला. वर मैद्याचे खुसखुशीत कवच, आत डाळीचे मसालेदार सारण, बरोबर तळलेली हिरवी मिरची. मुंबई-नागपूर-हावडा मार्गावरच्या प्रवाशांनी ती खिडकीतून हात काढून घेतली आणि तिची कीर्ती आपोआप हजारो कोस गेली. जाहिरातीचा एक पैसा खर्च झाला नाही. रेल्वेने फुकट वाहून नेली. पुढे घरच्यांनी तो व्यवसाय वाढविला, आणि आज शेगावची कचोरी म्हटले की मराठी मुलखात कोणास पत्ता विचारावा लागत नाही.

माझ्या जिभेचा निकाल असा की कवच उत्तरेचे आहे आणि तिखटपणा आमचा. पंजाबी माणसाने वऱ्हाडी गिऱ्हाइकाच्या डोळ्यांत पाणी येईपर्यंत तिखट वाढवीत नेले असेल, आणि गिऱ्हाइकाने नाक पुसत दुसरी मागितली असेल. हा माझा तर्क आहे. इतके मात्र खरे की ज्या माणसाचे गाव गेले त्याने येऊन आमच्या गावाला एक नवे नाव मिळवून दिले. आणि येथे, एवढ्या शोधात एकदाच, वस्तू आणणाऱ्याचे नाव पुसले गेलेले नाही. दुकानावर आहे, लोकांच्या तोंडी आहे.

फलाटावरील तळणाची आणखी एक गोष्ट सांगितल्याशिवाय मला पुढे जाववत नाही. आपल्याकडे शिजविलेला भात कोणाच्या हातचा खावा आणि कोणाच्या हातचा खाऊ नये, ह्याचे नियम फार कडक. दुधात भिजविलेली दशमी आणि तेला-तुपात तळलेले पक्वान्न ह्यांना सवलत असे. विटाळ पाण्याला चटकन लागतो, तेलाला लागत नाही, असे शास्त्र. म्हणून प्रवासात तळलेले चाले. स्वातंत्र्यापूर्वी स्टेशनवर हिंदू पाणी आणि मुसलमान पाणी असे वेगळे मिळत असे.  ज्या रिद्धपुरात तेराव्या शतकात गोविंदप्रभू गावकुसाबाहेरच्या घरांत शिरून जेवत, त्या आमच्या जिल्ह्यात १९२७ साली अस्पृश्यांना अंबादेवीच्या देवळात जाण्यासाठी लढावे लागले. मंदिर बंद, विहीर बंद, चहाच्या दुकानात वेगळी कपबशी. कचोरी तेवढी विकत मिळे. तीही कागदावर ठेवून, वरून हातात टाकलेली. माझ्या वडिलांनी अशी घेतली आहे. ते सांगत, "वरून टाकली तरी गरम होती." वडिलांच्या ह्या वाक्यात राग होता की कौतुक, हे मला अजून ठरविता आलेले नाही.

वडील जिनात हमाल होते. मी त्याच जिनात लागलो तेव्हा हंगामात रात्रपाळी असे. फाटकाबाहेर एक बाई मिरचीची भजी तळत बसे. कापसाचे तंतू हवेत उडत. ते तिच्या तेलात पडत आणि झाऱ्याने ती ते बाजूला सारी. तेल तापले की नाही हे पाहण्यास ती पिठाचा एक थेंब टाकी. थेंब तळाशी बसून राहिला तर तेल थंड. पडताक्षणीच वर येऊन काळा झाला तर जास्त तापले. खाली जाऊन हळूच वर आला तर मिरची सोडावयाची. पुण्याच्या हॉटेलात ह्यासाठी काचेची नळी आहे. भाचा म्हणतो, तीसुद्धा थेंबाइतकी खरी बोलत नाही.

आता ज्यासाठी मी मुख्यतः उभा आहे ते सांगतो. १९९९ सालच्या पावसाळ्यात आमच्या संघटनेकडे अमरावतीचा एक तळणारा आला. हॉटेलाचे नाव मी घेणार नाही. त्या हॉटेलचा वडा त्या काळी शहरात नावाजलेला होता. बाहेरगावचा पाहुणा आला की लोक त्याला तेथे नेत. हा माणूस सहा वर्षे तो वडा तळीत होता. भट्टीची एक वीट खचली, कढई कलली आणि तेल उजव्या हातावरून कोपरापर्यंत गेले. मालकाने पहिल्या दिवशी दवाखान्यात पैसे भरले. आठव्या दिवशी तो म्हणाला, हा आमचा नोकरच नव्हे. अधूनमधून येत असे.

कायदा होता. कामगार नुकसानभरपाईचा कायदा १९२३ पासून होता, किमान वेतनाचा आणि दुकाने-आस्थापनांचा १९४८ पासून. परंतु कायद्याला आधी कागद लागतो. हजेरीपट नाही, पगाराची पावती नाही, ओळखपत्र नाही. सहा वर्षे त्याने जे केले ते रोज संध्याकाळपर्यंत लोकांच्या पोटात गेले. पुरावा म्हणून काय दाखविणार? मी अनेक संप चालविले, लाठ्या पाहिल्या, पण त्या दिवशी जेवढा हताश झालो तेवढा क्वचितच.

वाट काढली ती रिक्षावाल्यांनी. हॉटेलासमोर त्यांचा थांबा होता. त्यांनी आपण होऊन एक कागद तयार केला: आम्ही खाली सह्या करणारे सहा वर्षे ह्या माणसाच्या हातचा वडा रोज खात आलो, तो गेल्यापासून वडा आतून कच्चा राहतो. बावीस सह्या आणि सात अंगठे. आमचे वकील तो वाचून हसले. पण पाकिटात घालून त्यांनी तो मालकाकडे पाठविला. मालकाला कायद्याची भीती वाटली की वडा कच्चा राहतो ही गोष्ट शहरभर होईल ह्याची, हे मी सांगू शकत नाही. तडजोड झाली. रक्कम फार नव्हती. त्या माणसाचा हात पुढे पूर्ण मिटेना. त्याने गावी जाऊन बकऱ्या घेतल्या. वड्याचे नाव अजून त्या हॉटेलाचेच आहे.

तेव्हापासून मी जेथे जातो तेथे संघटनेच्या पावतीपुस्तकाबरोबर एक कोरी वही ठेवतो आणि हॉटेल कामगाराला सांगतो की रोजची तारीख, कामाचे तास आणि आज काय तळले ते लिही. पुष्कळ जण हसतात. काही लिहितात. एका पोराने तीन वर्षांची वही भरली. तीत एकाच दिवशी, एका लग्नसराईत, सोळाशे कचोऱ्यांची नोंद आहे. इतिहासाचे साधन म्हणून ती वही मला कोणत्याही बखरीइतकी मोलाची वाटते.

भाच्यालाही मी वही दिली. गेल्या महिन्यात त्याचा फोन आला. तो कोरियाचा आणि इथिओपियाचा पदार्थ हॉटेलात चांगला चालू लागला आहे. खाद्यपत्रिकेवर त्याच्याखाली मुख्य आचाऱ्याचे नाव छापले आहे. तो आचारी सहसा तळणघरात येत नाही. मी कारळ्याची सगळी हकीकत त्याला दिवाळीनंतर पत्राने कळविली होती. ती वाचून त्याने काय केले असेल? घरून नेलेले कारळे भाजले, कुटले आणि मसुराच्या सारणात मूठभर टाकले.

"साहेबानं चव घेतली, मामा. मले इचारलं, काय टाकलं रे आज?"

"मग तू काय सांगितलेस?"

"म्या काई सांगतलं नाई. वहीत लिवून ठेवलं."